रजनीचं कोनफळ

फोन आला तेव्हा मी शाळेच्या ऑफिसात होते. एप्रिल संपत आला होता, मुलांच्या परीक्षा आटोपल्या होत्या आणि खिडकीबाहेरचं मैदान रिकामं पडलं होतं. स्क्रीनवर रजनीचं नाव दिसलं म्हणून मी उचलता उचलताच म्हटलं, "काय गं, आज बरं वाटतंय वाटतं?" पलीकडून दत्ता बोलला. दत्ता म्हणजे रजनीचा नवरा. "ताई, मी बोलायलोय," एवढंच म्हणाला आणि थांबला. त्या थांबण्यातच सगळं कळलं, तरी माणूस विचारतोच. मी विचारलं, "कधी?" तो म्हणाला, "आत्ताच. मी चहा ठेवला होता. गाळून घेऊन आलो, तर..." ते वाक्य त्यानं पुरं केलं नाही. आजवर कुणी ते त्याला पुरं करायला लावलेलंही नाही.

मी मोशीला पोचले तेव्हा बिल्डिंगमधल्या बायका जिन्यात बसल्या होत्या. दार उघडंच होतं. त्या घरात अगरबत्तीचा वास मी पहिल्यांदाच घेतला. एरवी दारातच लोणी, साखर आणि ओल्या खोबऱ्याचा वास समोर यायचा आणि आतून रजनीचा आवाज, "चपला तिकडंच काढ गो, खाली मैदा सांडलाय!" त्या दिवशी फरशी लख्ख पुसलेली होती. का कोण जाणे, मला रडू आलं ते ती स्वच्छ फरशी बघून.

रजनीला मोठं म्हणावं असं जगाच्या हिशेबात तिनं काही केलं नाही. तिनं केक केले, आणि कंपन्यांच्या रस्त्यावर उभं राहून जांभळं दूध विकलं. पण ती गेल्यापासून मला वाटतंय की तिची गोष्ट कुणाला तरी सांगावी. मी तिला जवळून पाहिलेलं आहे.

आमची ओळख बसमधली. पंधराएक वर्षांपूर्वी आम्ही दोघी चाकणच्या एका छोट्या कारखान्यात कंत्राटी कामगार होतो. मोठ्या कंपन्यांना पत्र्याचे भाग पुरवणारा कारखाना. मी पिंपळे गुरवची, वडीलही कंपनीतच होते, त्यामुळे शिफ्ट, ओव्हरटाइम हे शब्द आईच्या दुधाबरोबरच मिळालेले. ती गुहागरकडच्या एका खेड्यातली. बस भोसरीवरून मोशीला आली की ती चढायची, आणि मी शेजारची जागा पिशवी ठेवून धरून ठेवायची. पहिल्याच आठवड्यात जेवणाच्या सुट्टीत तिनं डबा उघडला तर आत जांभळ्या फोडी. मी म्हटलं, "बीट उकडून आणलंस?" ती म्हणाली, "बीट नाय गो, कोनफळ. घे, मीठ लावलंय." मऊ, पिठूळ, किंचित गोडसर. रताळ्याच्या जवळचं, पण रताळं नाही. आईनं गावाहून पाठवलेलं होतं. दत्ताशी तिची ओळखही असल्याच एका बसमध्ये, माझ्या कितीतरी आधी झालेली. तो लातूरकडचा, दुसऱ्या कंपनीच्या मशीन शॉपमध्ये. घरच्यांनी नाकं मुरडली, पण लग्न झालं. त्यांच्या स्वयंपाकघरात एका डब्यात ज्वारीचं पीठ आणि दुसऱ्यात किसलेलं खोबरं असायचं, आणि कुठल्या भाजीत काय घालायचं यावरून रोज वाद.

आमच्या शॉपमध्ये पत्रा दाबून आकार काढायच्या प्रेस होत्या. हात आत असताना प्रेस खाली येऊ नये म्हणून समोर सेन्सर असतो. तो सारखा मशीन थांबवतो, काम मागं पडतं, म्हणून रजनीच्या मशीनचा सेन्सर बंद करून ठेवलेला होता. सगळ्यांना माहीत होतं. तसंच चाललं होतं. त्या दिवशी मी शेजारच्याच मशीनवर होते. वेगळा आवाज असा काही आला नाही. प्रेसचा रोजचा जो आवाज, तोच आला. रजनी ओरडलीसुद्धा नाही. ती स्वतःच्या हाताकडं बघत उभी राहिली आणि मला म्हणाली, "संगीता, माझी बोटं कुठायत?"

उजव्या हाताचं अंगठ्याजवळचं बोट आणि मधलं, दोन्ही अर्ध्यावर गेली.

त्यानंतरचे कित्येक महिने ती घराबाहेर पडली नाही. उजवा हात कायम ओढणीत गुंडाळलेला. मुलगी श्रावणी तेव्हा बालवाडीत होती. तिची वेणी शेजारीण घालायची. मी तोवर कारखाना सोडला होता. कॉरस्पाँडन्सनं पदवी पूर्ण केली आणि शाळेत क्लार्क म्हणून लागले. रविवारी तिच्याकडं जायचे. ती बोलायची कमी, खिडकीतून हायवेवरचे ट्रक बघत बसायची. एकदा अचानक म्हणाली, "पोरगी रस्त्यानं चालताना माझा उजवा हात धरत नाय गो. फिरून डावीकडं येते."

मग श्रावणीचा वाढदिवस आला. दत्ता कोपऱ्यावरच्या बेकरीतून केक आणणार होता. रजनी म्हणाली, "नको, मी करीन." आम्ही एकमेकांकडं बघितलं. तिनं कुकरच्या तळाला वाळू पसरली, शिट्टी काढली, डाव्या हातानं मिश्रण फेटलं आणि केक लावला. एका बाजूनं करपला, दुसऱ्या बाजूनं बसला. पण श्रावणीला त्याचं काय? सुरी धरायला तिनं आईचा हात ओढला आणि तो नेमका उजवा होता. पोरीच्या लक्षातही आलं नसेल. रजनीच्या आलं. केक कापून झाला तरी ती हात सोडवून घेईना.

पुढं बचत गटातून बायकांसाठी केकचा वर्ग निघाला, तिथं तिचं नाव मीच घातलं. क्रीमच्या कोनची तिला धास्ती होती. आठवडाभर तिनं डाव्या हातानं प्रयत्न केले, सगळी फुलं चिखलासारखी पसरायची. शेवटी वैतागून तिनं कोन उजव्या हातात घेतला आणि त्याची मान त्या दोन अर्ध्या बोटांच्या बेचक्यात अशी घट्ट बसली की हलेचना. पहिलं धड फूल पडलं तेव्हा तिनं वर्गातून मला फोन केला. "संगीता, जमलं गो!" एवढंच ओरडली आणि ठेवून दिला. त्यानंतर छोटा ओव्हन आला, मग मोठा आला. मोशीत तेव्हा रोज नवी बिल्डिंग उठत होती आणि प्रत्येक बिल्डिंगमध्ये वाढदिवस होते.

आता कोनफळाकडं येते. रजनीची शेवटची काही वर्षं त्या एका कंदाभोवती गेली असं म्हटलं तरी चालेल. तिच्या समोरच्या इमारतीत नेहा नावाची एक मुलगी राहते, हिंजवडीला नोकरी करते. ती एक दिवस जांभळ्या अर्काची इवलीशी बाटली घेऊन आली. ऑफिसातल्या कुणीतरी परदेशाहून आणलेली. म्हणाली, "काकू, उबे केक जमेल का?" रजनी म्हणाली, "उभा? केक उभाच असतो बाय, आडवा कोण करतं?" नेहा हसून हसून खुर्चीत बसली. मग तिनं फोनवर फोटो दाखवले. जांभळा केक, जांभळं आइस्क्रीम, उंच ग्लासात बर्फ घातलेलं जांभळं दूध. फिलिपिन्सकडं हे फार चालतं, आता इकडच्या कॅफेतही आलंय, असं तिनं सांगितलं, आणि शेवटी ज्या कंदापासून हे करतात त्याचा फोटो काढला. रजनीनं फोन हातात घेतला, मोठा करून बघितला आणि जवळजवळ किंचाळली, "अगो, हे तर कोनफळ!"

नेहाचा केक तिनं बाटलीतल्या अर्कानंच केला. छान झाला. भडक जांभळा, कापल्यावर लोकांनी 'वा' म्हणावं असा. नेहा खूश होती. पण रजनीच्या मनातून ते जाईना. ती बाटली ती पुन्हा पुन्हा उघडून हुंगायची. "व्हॅनिला येतो, पिस्त्यासारखं काही येतं, भाजलेलं खोबरंही येतं. कोनफळ कुठाय ह्यात?" थंडी पडल्यावर तिनं आईला फोन केला आणि कोकणातून येणाऱ्या बसनं गोणी आली. सोलताना हाताला खाज सुटते म्हणून तिनं तळव्यांना तेल चोळलं, कंद उकडले, चाळणीवर घासून गर काढला. परातीत तो गर बघून मला एखादी उंची साडी घडी मोडून टाकल्यासारखी वाटली, इतका सुंदर रंग. आणि त्याचा केक ओव्हनमधून बाहेर आला तो हिरवट-करडा! शेवाळलेल्या टाकीच्या भिंतीसारखा. दत्ता शिफ्टवरून आला होता. त्यानं वाकून बघितलं आणि म्हणाला, "ह्याला कुणी खायलंय का? इटंला बुरशी आल्यागत दिसायलंय." चवीला उत्तम होता. आम्ही तिघांनी डोळे मिटून खाल्ला.

तिनं हार मानली नाही. गोणीतले कंद संपत आले तरी करडा रंग काही सुटेना. उलगडा झाला तो भांडी घासताना. एका वाटीत सोड्याचं पाणी होतं, त्यात गराचं बोट बुडालं तर पाणी निळं झालं. दुसऱ्या वाटीत पिळलेलं लिंबू पडलं होतं, तिथं तेच बोट गुलाबी. रजनी हातातलं भांडं तसंच ठेवून उभी राहिली. सोडाच रंग खात होता. मग तिनं सोडा काढून टाकला, दही घातलं आणि वर आईनं दिलेलं कोकमाचं आगळ चमचाभर. त्या दिवशी केक जांभळा निघाला. बाटलीएवढा भडक नाही, जरा मवाळ, संध्याकाळी उशिरा आभाळात असतो तसा. ती गिऱ्हाइकाला दोन्ही तुकडे दाखवायची. "हा बाटलीचा, हा आमच्या कंदाचा. सांगा कुठला करू?" बहुतेक लोक बाटलीचा म्हणायचे, कारण फोटोत तो चांगला येतो. तिला वाईट वाटायचं. पण ती हट्टी असली तरी आडमुठी नव्हती. शेवटी तिनं आपली वाट काढली. केकचं अंग कोनफळाच्या गराचं आणि वासापुरते बाटलीतले दोन थेंब. आणि हे ती प्रत्येकाला न विचारता सांगायची.

एका डिसेंबरात मी तिच्याबरोबर तिच्या गावाला गेले. फणसावर चढलेला तो वेल मी तिथं पाहिला. पानं पिवळी पडून गळायला लागली की खालचा कंद तयार झाला असं समजायचं. तिची आई, सत्तरी ओलांडलेली, पहार घेऊन स्वतः खणत होती. "ह्याचा केक करतात? आणि लोक खातात?" असं तिनं मला तीनदा विचारलं. जेवताना तिनं माझं आडनाव विचारलं. मी सांगितलं. रजनीचा घास हातातच राहिला. मग आई उठली, चुलीजवळचं टोपलं आणून माझ्यासमोर ठेवलं आणि म्हणाली, "गरम आहे तोवर खा. गार कोनफळ घशाला लागतं." स्वतःही समोर बसून त्याच टोपल्यातलं खायला लागली. परतताना गाडीत रजनी म्हणाली, "मला भीती वाटलेली गो." मी म्हटलं, "मलापण."

त्याच्या पुढच्या एप्रिलात, जयंतीच्या सकाळी, ती पिंपळे गुरवला आमच्या दारात उभी. हातात केकचा मोठा खोका. उघडला तर निळा! बाजारातला निळा नाही, जरा धुरकट, पण निळाच. आमच्या गल्लीतली पोरं नाचायला लागली. मी विचारलं, "हा कुठला रंग?" ती म्हणाली, "कोनफळच. चिमूटभर सोडा मुद्दाम घातला. पयल्यांदा केक बिघडवलान ना त्यानं, तोच उपयोगी आला." आमच्या विहारात त्या दिवशी तो केक कापला. माझ्या वडिलांनी तुकडा तोंडात टाकला आणि म्हणाले, "पोरीनं डोकं लावलंय." ते कुणाला सहसा चांगलं म्हणत नाहीत.

जांभळ्या दुधाची सुरुवात चाकणच्या रस्त्यावरच्या कुरुळीत झाली. एका कंपनीत निरोप समारंभाचा केक पोचवायला ती गेली होती. अपघातानंतर त्या रस्त्याला ती गेलीच नव्हती, कुणी जायला सांगितलं तर मोडता घालायची. त्या दिवशी नाइलाज झाला. केक देऊन बाहेर आली तर पहिली शिफ्ट सुटलेली. पुरुष टपरीवर चहाला गोळा झालेले आणि बायका बसची वाट बघत उन्हात भिंतीला टेकून उभ्या. टपरीवर त्या जात नाहीत, आम्हीही जायचो नाही. तिनं मला फोन करून सांगितलं, "आपण उभ्या राहायचो तशाच उभ्यात गो. इतकी वर्षं झाली, अजून तशाच." पुढच्या आठवड्यात ती स्कूटीवर स्टीलचा कॅन बांधून तिथं हजर. कोनफळाचा गर, नारळाचं दूध, गूळ, भिजवलेला साबुदाणा आणि भरपूर बर्फ. पहिल्या दिवशी कुणी जवळ येईना. परभणीकडची एक मुलगी लांबूनच म्हणाली, "ताई, हे पेंट शॉपमधून आणलंय का? कुठल्या गाडीचा कलर हाय?" सगळ्या हसल्या. रजनीही हसली आणि म्हणाली, "गाडीचा नाय, माझ्या आयशीच्या परसातला. पी आणि सांग." ती प्यायली. "थोडं आणखी द्या," म्हणाली. तिथून सुरू झालं.

वॉचमननं एकदा तिला गेटसमोरून हटवलं. ती रस्ता ओलांडून पलीकडच्या कडुनिंबाखाली गेली, तर बायकाही रस्ता ओलांडून पलीकडं. तिथंच मग कायमचं ठिकाण झालं. तिथं मी तिला एक गोष्ट करताना पाहिलं, ती इथं सांगायलाच हवी. नवीन मुलगी आली, प्रेसवर आहे म्हणाली, की रजनी ग्लास उजव्या हातानं पुढं करायची. मुलीची नजर बोटांवर गेली की म्हणायची, "सेन्सर बंद असेल तर हात घालायचा नाय. सुपरवायझर ओरडला तर ओरडू दे. हे बघून ठेव." जो हात तिनं महिनोन्‌महिने ओढणीत लपवला, तोच हात ती भर रस्त्यात पुढं धरायची. मला तेव्हा तिचा फार अभिमान वाटायचा. तिला कधी बोलून दाखवलं नाही, कारण तिनं ते हसण्यावारी नेलं असतं.

गेल्या पावसाळ्यात तिला जेवण जाईना. आधी पित्त म्हणून औषधं झाली. दिवाळीच्या ऑर्डरी संपल्यावर तपासण्या झाल्या आणि पोटात कॅन्सर निघाला, तोही पसरलेला. केमो सुरू झालं तशी तिची चव गेली. "सगळ्याला पत्र्याचा वास येतो," ती म्हणायची, "दुधाला, भाताला, पाण्याला. जिभेवर आपली कंपनी उघडल्यासारखं वाटतं." तिला सगळ्यात जास्त त्रास ह्याचाच झाला. केक करायचा आणि चाखता येत नाही! मग चाखायला माणसं लागली. मी रोज जाऊ शकत नव्हते, श्रावणी कॉलेजात. राहिला दत्ता. इतक्या वर्षांत त्यानं ते जांभळं दूध तोंडाला लावलं नव्हतं. "दुधात कंद? आमच्याकडं असलं नसतंय," म्हणून चहा प्यायचा. आता ती पलंगावर बसून त्याच्या तोंडाकडं बघत राहायची आणि तो ओट्याशी उभा राहून घोट घ्यायचा. "गोड कमी हाय." "किती कमी? थोडं का जास्ती?" "थोडं." "नारळ लागतो का?" "लागायलाय." "आणि कोनफळ?" दत्ता विचार करायचा. "शेवटाला येतंय. गिळल्यावर." ती डोळे मिटून मान हलवायची. तिच्या जिभेनं जे सोडलं होतं ते ती त्याच्या तोंडून ऐकून चाखत होती.

अशाही अवस्थेत ती कुरुळीला जायचं म्हणे. दत्ता वैतागला. एकदा माझ्यासमोरच म्हणाला, "ताई, तुम्ही सांगा हिला. उभं राहायला येत न्हाई, निघाली दूध वाटायला." मी काही सांगायच्या आत तीच शांतपणे म्हणाली, "घरी बसून मी एकदा मेलेय. हात गेला तेव्हा. आता पुन्हा नाय." दुसऱ्या दिवसापासून दत्तानं दुसऱ्या शिफ्टमधल्या एकाशी बदली करून घेतली आणि तिला स्कूटीवर मागं बसवून न्यायला लागला. ती कडुनिंबाखाली प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसायची, तो ग्लास भरायचा. बायका त्याला चिडवायच्या, "भाऊजी, नोकरी सोडली का काय?" फेब्रुवारीपर्यंत हे चाललं. मग खुर्चीतही बसवेना.

ती गेल्यावर तिची आई गावाहून आली ती मोशीतच राहिली. दिवसकार्य झाल्यानंतर एकदा मी गेले होते, श्रावणीनं पाण्यासाठी बर्फ काढायला फ्रीझर उघडला आणि तशीच उभी राहिली. तळाशी, बर्फाच्या थराखाली, कोनफळाच्या गराचे डबे होते. उन्हाळ्यात कंद मिळत नाही म्हणून रजनीनं थंडीतच करून ठेवलेले, कुणाला न सांगता. तिच्या हातचं घरात तेवढंच उरलं होतं. श्रावणीनं एक डबा बाहेर काढला तर दत्तानं तो तिच्या हातातून घेऊन परत आत ठेवला. "हात लावायचा न्हाई," म्हणाला. त्यानंतर कुणी लावला नाही. श्रावणी सांगते, कामावर जायच्या आधी बाबा फ्रीझर उघडून बघतात, आणि बंद करतात.

मेच्या शेवटी त्यांच्या भागातला ट्रान्सफॉर्मर उडाला. सकाळी गेलेली वीज दुपार झाली तरी येईना. रविवार होता, मी तिथंच होते. लिफ्ट बंद, पंखे बंद, घराघरांतून माणसं खाली पार्किंगच्या सावलीत येऊन बसली. दत्ता बर्फ शोधायला गाडी घेऊन भोसरीपर्यंत जाऊन आला, कुठं मिळाला नाही. परत आला तेव्हा फ्रीजखालून पाण्याचा ओघळ निघाला होता आणि तो जांभळट होता. दत्ता तिथंच फरशीवर बसला. फडक्यानं ते पाणी टिपायला लागला, पिळायचा आणि पुन्हा टिपायचा. शेवटी रजनीची आई उठली. "नासवायचं नाय हा," ती म्हणाली. "तिनं लोकांना घालायलाच केलंन ना? मग घाला."

मिक्सर बंद, म्हणून नारळ हातानं खवायचे होते. आईनं विळी मांडली, तर दत्तानं ती आपल्याकडं ओढून घेतली. लातूरचा माणूस, आयुष्यात नारळ खवला नव्हता, बोटं सोलवटली तरी उठला नाही. आईनं कोमट पाण्यात खोबरं कुस्करून कापडातून दूध पिळलं, श्रावणीनं गूळ विरघळवला, मी साबुदाणा भिजवला. डबे उघडताना श्रावणीनं माझा हात धरला. गराला वास तसाच होता, रजनीच्या ओट्याचा. माठातलं गार पाणी घालून पातेलं भरलं, जिन्यावरून खाली नेलं. पार्किंगमध्ये पोरं होती, म्हातारी माणसं होती, नेहा लॅपटॉप मांडीवर घेऊन बसली होती. ग्लास पुरेनात, लोकांनी घरून आणले. बर्फ नव्हता, दूध जेमतेम गार होतं, पण कुणी तक्रार केली नाही. नेहा एक घोट घेऊन तोंड फिरवून बसली. एक छोटी मुलगी दोन ग्लास पिऊन, ओठांवर जांभळी मिशी घेऊन विचारायला आली, "उद्या पण आहे का?" आई म्हणाली, "नाय गो बाय. आता थंडीत."

संध्याकाळी वीज आली. सगळ्या इमारतींमधून एकदम ओरडा झाला, माणसं उठून वर गेली. आम्हीही गेलो. फ्रीज घरघरायला लागला होता. दत्तानं ओट्यावरचे रिकामे डबे घासायला घेतले. मी म्हटलं, "राहू द्या, मी घासते." तो नाही म्हणाला. एकेक डबा कडा-कोपऱ्यांतून घासला, कापडानं कोरडा केला, झाकण लावलं. मग फ्रीझरचं दार उघडून ते रिकामे डबे त्यानं पुन्हा आत, होते तसेच, एकावर एक रचून ठेवले.

अजून तिथंच आहेत. बर्फाचा ट्रे त्यामुळं तिरका ठेवावा लागतो. कुणी ते काढत नाही.